कोकणातल्या दमट हवेत सक्युलंट: कीड लागली, बुरशी आली, आता काय करायचं

सक्युलंटला, म्हणजे जाड रसाळ पानांत पाणी साठवणाऱ्या झाडाला, काही झालं की पहिला हात फवाऱ्याकडे जातो, तो तिथेच थांबवा. आधी झाड कुंडीतून बाहेर काढायचं, माती झटकायची आणि मुळं बघायची. पानांवर जे दिसतं त्याचं कारण अर्ध्या वेळा खाली मातीत असतं, आणि मुळं कुजलेली असताना वरून कितीही भारी औषध मारलं तरी पैसेही जातात आणि झाडही जातं.

हे सगळं नव्यानेच ही झाडं आणलेल्यांसाठी लिहितेय, आणि त्यातही किनाऱ्यावर राहणाऱ्यांसाठी, कारण व्हिडिओत जो सल्ला मिळतो तो बहुतेक कोरड्या गावचा असतो. पुण्यात वर्षाला ७००-७५० मिलिमीटर पाऊस पडतो, रत्नागिरीत ३००० च्या वर, आणि तोही जवळजवळ सगळा जून ते सप्टेंबरमध्ये. जुलै-ऑगस्टात हवेतली आर्द्रता ८५-९० टक्क्यांच्या खाली फारशी येतच नाही. अशा हवेत "दर आठ दिवसांनी पाणी घाला" हे ऐकलंत तर झाड गणपतीपर्यंत पण टिकणार नाही, कारण इथे कुंडी आठ दिवसांत वाळतच नाही. त्यात ही झाडं दिवसा पानांची छिद्रं मिटून घेतात आणि रात्री उघडतात, म्हणजे त्यांना रात्र थंड हवी असते, आणि आपल्याकडे मे महिन्यात रात्री दोन वाजता पण उशी ओली होते. एचेव्हेरिया मेक्सिकोच्या डोंगराळ भागातली, हवॉर्थिया दक्षिण आफ्रिकेतली, आणि ऑनलाइन येणारी बरीचशी रोपं कालिम्पाँगच्या थंड डोंगरातल्या नर्सऱ्यांतून आलेली. ती कुरियरच्या खोक्यातून थेट गुहागर-मालवणच्या हवेत उतरतात, म्हणजे त्यांची काय हालत होत असेल बघा.

पायरी १: वेगळं करा

एका कुंडीत काही संशयास्पद दिसलं की ती कुंडी बाकीच्यांपासून लांब, घराच्या दुसऱ्या बाजूला ठेवायची. पडवीच्या एकाच कठड्यावर पानाला पान लावून कुंड्या मांडल्या की फोटो छान येतो, पण मिलीबगची (पिठ्या ढेकूण या किडीची) पिल्लं त्याच पानांवरून चालत पुढच्या कुंडीत जातात. नवीन आणलेलं रोप पण तीन-चार आठवडे वेगळं ठेवायचं, ते कितीही टवटवीत दिसलं तरी. नर्सरीतून आलेल्या रोपाच्या मुळांशी कोकोपीटचा (नारळाच्या सोडणाच्या भुशाचा) घट्ट गोळा असतो, कधीकधी त्याला जाळीची पिशवी पण असते, ते सगळं हलक्या हाताने काढून टाकायचं. कोकोपीट आपल्याकडे स्वस्त आणि भरपूर आहे हे खरं, पण ते पाणी धरून ठेवतं, आणि आपल्या हवेत पाणी धरून ठेवणारं अजून काही नको.

पायरी २: नीट बघा, म्हणजे खरंच नीट

मोबाईलचा कॅमेरा झूम करा किंवा साधं भिंग घ्या. पानांच्या बेचक्यात, पानांच्या खाली, खोडाच्या बुडाशी, फुलाच्या दांड्यावर, आणि कुंडी उलटी करून खालच्या भोकांत.

पांढरं दिसलं म्हणजे मिलीबगच असं नाही, इथे नवी माणसं खूप गोंधळतात. एचेव्हेरियाच्या पानावर जन्मजातच पांढरट पावडर असते, ती सगळ्या पानावर एकसारखी पसरलेली असते आणि बोट लावलं की बोटाचा ठसा उठतो. ते त्या झाडाचं उन्हापासूनचं संरक्षण आहे, पुसू नका, पुसलेली पावडर त्या पानावर परत येत नाही. मिलीबग म्हणजे आपला पिठ्या ढेकूण, तो कापसाच्या बारीक बोळ्यासारखा बेचक्यात बसतो. काडीने दाबला की पिवळट-नारिंगी रस येतो. मग तिसरं पांढरं म्हणजे कुंडीच्या काठावर आणि मातीवर बसलेला क्षारांचा थर. समुद्राजवळच्या विहिरींचं पाणी मचूळ किंवा जड असतं, ते सुकलं की पांढरी खपली धरते. त्यावर व्हिनेगरचा थेंब टाकल्यावर फसफसलं तर तो चुना, बुरशी नाही, त्यावर बुरशीनाशक मारून काही उपयोग नाही. अशांनी पावसाचं पाणी साठवून वापरावं.

पानं सुरकुतली असतील तर लगेच तांब्या घेऊन धावू नका, इथेच सगळ्यात जास्त झाडं मरतात. तहानलेल्या झाडाची पानं सुरकुततात, आणि मुळं कुजलेल्या झाडाची पण सुरकुततात, कारण पाणी असूनही ओढायला मुळंच शिल्लक नसतात. मातीत उदबत्तीची काडी खोल खुपसून पाच मिनिटांनी काढा. काडी कोरडी आली आणि कुंडी उचलायला हलकी लागली तर तहान. काडी ओली, कुंडी जड आणि तरी पान सुरकुतलेलं, तर कूज, झाड लगेच बाहेर काढा.

खालची एकदोन पानं कागदासारखी वाळून गळणं हे म्हातारपण आहे, त्याची काळजी नको. पान पिवळट, काचेसारखं पारदर्शक आणि पाणचट झालं, नुसता धक्का लागला तरी गळून पडलं, तर ती काळजीची गोष्ट.

पायरी ३: मिलीबग

आपल्याकडे सक्युलंटवर सगळ्यात जास्त त्रास हाच देतो, त्यामुळे यावर जरा जास्त बोलते.

मादी कापसाच्या पिशवीत काहीशे अंडी घालते, साधारण आठवडा-दहा दिवसांत पिल्लं बाहेर येतात आणि महिनाभरात पुढची पिढी तयार. म्हणून एकदा साफ केलं आणि विसरलं असं चालत नाही. आज तुम्ही मोठे मारले तरी अंडी तशीच राहतात. दर सात दिवसांनी, कमीत कमी चार वेळा तेच परत करायचं, मधल्या आठवड्यात एकही दिसला नाही तरी करायचं. बहुतेक लोक दुसऱ्या आठवड्याला कंटाळतात आणि मग म्हणतात औषध चालत नाही.

थोडे असतील तर मेडिकलमधून ७० टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोल किंवा सर्जिकल स्पिरिट आणायचं, कान साफ करायच्या काडीचा कापूस त्यात बुडवून एकेक कीड टिपायची. संध्याकाळी करा, उन्हात ठेवलेल्या झाडावर स्पिरिट लावलं की पान भाजतं. पावडरवाल्या एचेव्हेरियावर कापूस घासू नका, नुसतं टेकवा.

जास्त असतील तर आधी पाण्याची बारीक जोरदार धार मारून जेवढे पडतील तेवढे पाडा (झाड आडवं धरून, म्हणजे पाणी पानांच्या मधे साठणार नाही), मग कडुनिंबाच्या तेलाची फवारणी. एक लिटर कोमट पाण्यात ५ मिली तेल आणि तेल मिसळायला १-२ मिली सौम्य लिक्विड सोप, सतत हलवत राहायचं नाहीतर तेल वर तरंगतं आणि शेवटचा फवारा नुसत्या तेलाचा बसतो. भांड्यांच्या साबणाचा हात सैल सोडू नका, तो पानांवरचं मेण पण काढून टाकतो. आधी एकाच पानावर लावून दोन दिवस बघा. तेल मारलेलं झाड दोन-तीन दिवस उन्हात ठेवायचं नाही. आणि पावसाळ्यात भर दमट आठवड्यात हा प्रयोग टाळाच, तेलाचा थर सुकत नाही आणि पानांच्या मधे ओल धरून राहतो, त्यापेक्षा स्पिरिट बरं, ते उडून जातं.

तरीही जात नसेल तर इमिडाक्लोप्रिड १७.८ एसएल हे कीटकनाशक. प्रमाण लिटरला अर्धा मिली, म्हणजे दोन लिटर पाण्यात १ मिली. मेडिकलमधून सुई नसलेली १ मिलीची सिरिंज आणा आणि त्यानेच मोजा, झाकणाने अंदाज घेऊ नका. हे मातीत ओतायचं, मुळं ते वर ओढून घेतात आणि रस शोषणारी कीड मरते. म्हणजे मुळं शाबूत असलेल्या झाडालाच याचा उपयोग. झाड फुलावर असेल तर अजिबात नको, मधमाश्यांना हे फार घातक आहे, आणि आंब्या-काजूच्या मोहराच्या दिवसांत तर घरात मधमाश्या फिरतच असतात. ज्या कोरफडीचा गर तुम्ही केसांना किंवा तोंडाला लावता किंवा खाता, तिला हे द्यायचं नाही, तिला स्पिरिट आणि पाण्याची धार एवढंच.

कृषी सेवा केंद्रात गेलात तर दुकानदार आपल्याला बागायतदार समजून लिटरची बाटली पुढे करतो. "भाऊ, चार कुंड्या आहेत हो घरात, आंब्याची बाग नाही," असं सांगून सगळ्यात छोटं पॅक मागायचं. आणि "हे मारा, जोरात आहे" म्हणून मॅलॅथिऑन वगैरे दिलं तर घेऊ नका, जेड, एचेव्हेरिया, कलांचो या कुळातल्या झाडांची पानं त्याने जळतात. हातमोजे, तोंडाला मास्क, स्वयंपाकघरापासून लांब, आणि फवाऱ्याची बाटली वेगळी ठेवून त्यावर मोठ्या अक्षरात लिहायचं. घरात लहान मुलं, मांजर असेल तर हे आधी वाचा आणि मग बाकीचं.

मुळांवरचा मिलीबग हा वेगळा प्रकार. वरून काहीच दिसत नाही, झाड फक्त वाढायचं थांबतं. कुंडीतून काढलं की मुळांवर आणि कुंडीच्या आतल्या भिंतीवर राखेसारखी पांढरट भुकटी दिसते. सगळी जुनी माती काढून टाका, मुळं वाहत्या पाण्याखाली धुवा, खराब मुळं कापा, दोन-तीन दिवस सावलीत वाळवा, नव्या मातीत लावा. नवीन मुळं फुटल्यावर वर सांगितलेलं इमिडाक्लोप्रिडचं पाणी एकदा ओता.

मुंग्या दिसल्या की समजा वरती किंवा खाली कोणीतरी चिकटा सोडतंय. मिलीबग आणि मावा गोड चिकट पाणी सोडतात, मुंग्या ते खातात आणि त्या बदल्यात किडीला पाळतात, एका कुंडीतून दुसऱ्या कुंडीत उचलून पण नेतात. मुंग्या बंद केल्याशिवाय मिलीबग कायमचा जात नाही. कुंड्यांच्या स्टँडचे पाय पाण्याच्या वाट्यांत ठेवा (दर दोन दिवसांनी पाणी बदला, नाहीतर डास पाळाल), किंवा पायांना खडूची रेघ मारा, जी पावसात अर्थातच धुवून जाते.

काळी पानं, आणि वर बघायची सवय

पानांवर काजळीसारखा काळा थर आला तर घाबरू नका, ओल्या कापडाने पुसून बघा. पुसला गेला तर ती काजळी बुरशी, ती झाडाला खात नाही, फक्त चिकट्यावर वाढते. मग चिकटा आला कुठून ते शोधायचं. तुमच्या झाडावर कीड नसेल तर मान वर करा. कुंड्या माडाखाली असतील तर माडाच्या झावळ्यांच्या खालच्या बाजूला पांढरी गोल गोल नक्षी दिसते का बघा. ती रूगोज चक्राकार पांढरी माशी. भारतात ती २०१६ मध्ये तमिळनाडूत पहिल्यांदा सापडली आणि आता आपल्या किनाऱ्यावरही माडांना चांगलीच चिकटलेली आहे. तिचा चिकटा खाली टपकतो आणि माडाखालचं सगळं, कर्दळ, केळ, मोटारसायकलची सीट, काळं होतं. आंब्याखाली कुंड्या असतील तर मोहराच्या वेळी तुडतुड्यांचं तेच. यावर कुंड्यांना औषध मारायची गरज नाही, कुंड्या सरकवायच्या आणि पानं पुसायची. सोपं काम आहे, पण लोक महिनोन् महिने बुरशीनाशक मारत बसतात.

बाकीच्या किडी, थोडक्यात

खवले कीड: खोडावर तपकिरी टणक टिकल्या, नखाने निघतात. जुना टूथब्रश स्पिरिटमध्ये बुडवून घासा, पुढचं मिलीबगसारखंच.

लाल कोळी: हा कोरड्या दिवसांतला, फेब्रुवारी ते मे. कोवळ्या टोकांशी बारीक जाळी आणि पानांवर गंजासारखा खरखरीत तपकिरी डाग. हा किडा नाही, कोळ्याच्या जातीचा आहे, त्यामुळे इमिडाक्लोप्रिड याच्यावर चालत नाही. पाण्याची धार आणि कडुनिंबाचं तेल, आणि पाऊस सुरू झाला की बहुतेक आपोआप कमी होतो.

चिलटं: मातीवर उडणारी काळी बारीक चिलटं म्हणजे माती सतत ओली आहे आणि त्यात शेणखत किंवा कोकोपीट जास्त आहे, एवढाच अर्थ. माती वाळू द्या, वर जांभ्याच्या बारीक खड्यांचा थर द्या, पिवळं चिकट कार्ड लावा.

गोगलगायी: पावसात रात्री टॉर्च घेऊन बाहेर या, कुंडीच्या तळाखाली आणि काठाखाली सापडतील. मीठ टाकू नका, मीठ मातीत उतरलं की झाड जातं. मोठी शंखवाली आफ्रिकन गोगलगाय उघड्या हाताने धरू नका, तिच्यात माणसाला आजारी करणारे जंत असू शकतात. हातमोजे किंवा चिमटा, आणि साबणाच्या पाण्याची बादली.

पायरी ४: कूज

आता मोठा विषय, कोकणातला खरा शत्रू. कीड झाड हळूहळू मारते, कूज चार दिवसांत मारते.

मुळं कुजवणारे बरेच आहेत. फ्युझेरियम ही खरी बुरशी. पिथियम आणि फायटोफ्थोरा या तांत्रिक दृष्टीने बुरशी नव्हेतच, पाण्यात वाढणारी वेगळी जमात आहे, आणि हा फरक इथे कामाचा आहे कारण सगळ्यांच्या घरात असणारं कार्बेन्डाझिम हे बुरशीनाशक यांच्यावर काम करत नाही. सुपारीला पावसात कोळे रोग येतो तो फायटोफ्थोराच, त्यासाठी बागेत बोर्डो मिश्रण मारतात हे तुम्हाला माहीत असेल. तेव्हा सुपारीच्या बुंध्याशी पागोळ्या पडतात तिथे सक्युलंटची कुंडी ठेवायची नाही, एवढी अक्कल वापरा.

झाड बाहेर काढलंत. मुळं पांढरी किंवा फिकट तपकिरी आणि ओढल्यावर न तुटणारी असतील तर ठीक, माती बदला आणि लावा. मुळं काळी, लिबलिबीत, वास मारणारी असतील तर ती सगळी कापा. खोड काळं पडलं असेल तर ब्लेड स्पिरिटने पुसून खोड आडवं कापा आणि कापलेला भाग बघा. मधे तपकिरी गोल किंवा ठिपका दिसला तर अजून वर कापायचं, ब्लेड परत पुसून, कारण बुरशी खोडातल्या नळ्यांमधून वर चढत असते. पूर्ण स्वच्छ, हिरवट-पांढरा काप येईपर्यंत थांबायचं नाही. जीवावर येतं, नुसता वरचा गुच्छ हातात राहतो, पण तो गुच्छ जगतो. दर कापाला ब्लेड न पुसता कापलंत तर रोग तुम्हीच वर नेताय. युफॉर्बिया असेल, म्हणजे शेर, ख्रिस्ताचा काटा वगैरे, तर हातमोजे आणि चष्मा घालूनच, त्याचा चीक डोळ्यात गेला तर थेट दवाखाना.

कापलेल्या तोंडावर बुरशीनाशकाची भुकटी किंवा दालचिनीची कोरडी पूड लावा. आता वाळवणं. पुस्तकात तीन ते पाच दिवस लिहिलेलं असतं, आपल्याकडे पावसाळ्यात आठ-दहा दिवस धरा, आणि तेही पंख्याखाली, वर्तमानपत्रावर. तोंडावर टणक कोरडी खपली आली की मगच कोरड्या मातीवर नुसतं टेकवून ठेवायचं. पाणी नाही. मुळं फुटली की (हलक्या हाताने उचलल्यावर झाड मातीला धरून राहतं) पहिलं पाणी, तेही थोडं. तोपर्यंत पानांच्या साठ्यावर ते आरामात जगतं, जगू द्या. खालची निरोगी पानं निघाली असतील तर ती पण एका ताटलीत ठेवून द्या, त्यातून रोपं येतात.

औषध कोणतं? साधारण कामाला कार्बेन्डाझिम १२ टक्के अधिक मॅन्कोझेब ६३ टक्के असं मिश्रण बाजारात मिळतं, लिटरला २ ग्रॅम. पाणचट कूज वेगाने पसरत असेल, एकाच आठवड्यात दोन-तीन कुंड्या गेल्या असतील तर मेटॅलॅक्झिल ८ टक्के अधिक मॅन्कोझेब ६४ टक्के, तेही लिटरला २ ग्रॅम. पण हे लक्षात घ्या की ही औषधं कुजलेलं मूळ परत आणत नाहीत, फक्त चांगल्याला वाचवतात. ट्रायकोडर्मा ही उपयोगी बुरशी मातीत घालणं चांगलं, लिटरला ५ ग्रॅम, पण रासायनिक बुरशीनाशकाबरोबर घातली तर तीच मरते, मधे पंधरा दिवस जाऊ द्या.

एक कूज मात्र वेगळी ओळखायची. खोडाच्या बुडाशी मातीवर पांढऱ्या धाग्यांचा पंखा पसरलेला आणि त्यात मोहरीएवढे पांढरे, मग तपकिरी होणारे दाणे. हे स्क्लेरोशियम, उष्ण आणि दमट हवेत जोरात येतं. ते दाणे मातीत वर्षानुवर्षं जिवंत राहतात. झाड वाचवायच्या फंदात पडू नका, वरचा शेंडा स्वच्छ असेल तर कापून घ्या, बाकी माती सकट पिशवीत बांधून कचऱ्यात. खतखड्ड्यात टाकलं तर सगळ्या बागेत पसरेल.

पानांवर खोलगट काळे-तपकिरी डाग, कडा गोल, हळूहळू मोठे होणारे, तो करपा. ते पान काढून टाका, कॉपर ऑक्सिक्लोराईड लिटरला २.५ ग्रॅम, आणि पानं कोरडी ठेवा. डिसेंबर-फेब्रुवारीत कलांचो आणि जेडवर पिठासारखी भुरी येते, आंब्याच्या मोहरावर येते त्याच दिवसांत. पाण्यात विरघळणारं गंधक ८० टक्के, लिटरला २ ग्रॅम, सकाळी लवकर. तापमान ३२ च्या वर असेल तर गंधक नको, आणि कडुनिंबाचं तेल मारल्यानंतर दोन आठवडे पण नको, पानं भाजतात.

पायरी ५: मे महिन्यातच करायची कामं

जुलैत येणाऱ्या कुजीची सोय खरंतर मे महिन्यात करायची असते. मृग लागायच्या आधी, म्हणजे जूनच्या पहिल्या आठवड्यापर्यंत सगळ्या कुंड्या एकदा तपासा. नवीन माती करायची असेल तर आत्ताच. माझं प्रमाण असं: एक वाटा चाळलेलं पालापाचोळ्याचं खत, तीन वाटे खडी-कपच्या. खडी म्हणजे जांभ्याच्या ३-५ मिलिमीटरच्या कपच्या (धुवून घ्या, लाल धूळ राहिली की चिखल होतो), फुटक्या कौलांचे तुकडे, भाजलेला भाताचा तूस, करवंटीचा कोळसा. हे सगळं आपल्याकडे फुकट किंवा फुकटातच जमा. खाडीची किंवा पुळणीवरची वाळू मात्र नको, तिच्यात मीठ असतं आणि ती इतकी बारीक असते की पाणी अडवते. जुनी माती परत वापरायची असेल तर एप्रिल-मेच्या उन्हात ओली करून पारदर्शक प्लास्टिकखाली चार ते सहा आठवडे तापवा. राब भाजण्याचा घरगुती अवतार समजा.

कुंड्या छपराखाली, पण भिंतीला चिकटवून नाही. पश्चिमेकडून येणारी झड कुठपर्यंत आत येते ते जुन्या माणसांना विचारा, त्यांना घराच्या प्रत्येक कोपऱ्याचं माहीत असतं. पडवीला झापं लावता तिथे आतल्या बाजूला उजेड कमी होतो, मग झाड लांबट होतं, म्हणून एलईडी दिवा आणि छोटा पंखा लावता आला तर उत्तम. मला विचाराल तर पंखा हा सगळ्या औषधांपेक्षा मोठं औषध आहे. कुंड्यांत चार बोटं अंतर. मातीची कुंडी बाकीचे आठ महिने सरस, पण भर पावसात तिच्या भिंती ओल्याच राहतात आणि शेवाळ धरतात, तेव्हा छोटी, भरपूर भोकांची प्लास्टिकची कुंडी मला बरी वाटते. बशी खाली ठेवू नका.

पावसात खत बंद. पाणी महिन्यातून एकदा, तेही उदबत्तीच्या काडीची परवानगी असेल तर, नाहीतर नाही. हवॉर्थिया, स्नेक प्लांट, गॅस्टेरिया हे असे दोन महिने पण काढतात. आणि स्पष्टच सांगते, लिथॉप्स आणि खूप पावडरवाल्या महागड्या एचेव्हेरिया नव्या माणसाने किनाऱ्यावर घेऊ नयेत. आधी हवॉर्थिया, स्नेक प्लांट आणि छोट्या पानांचं आफ्रिकन जेड यांवर दोन पावसाळे काढा.

पायरी ६: पाऊस गेल्यावर

हस्त संपून ऑक्टोबरचं ऊन पडलं की लोक उत्साहात सगळ्या कुंड्या खळ्यात मांडतात आणि संध्याकाळपर्यंत पानं पांढरी-तपकिरी भाजलेली. चार महिने सावलीत असलेलं झाड आहे ते. आधी सकाळचं तासभर, मग रोज थोडं वाढवत दोन आठवड्यांत पूर्ण उन्हात. भाजलेला डाग हा रोग नाही, पण त्या मेलेल्या जागेवर करपा चटकन बसतो, म्हणून त्यावर पाणी पडू देऊ नका.

याच वेळी प्रत्येक झाड एकदा कुंडीतून काढून मुळं बघा, पावसात लपलेला मुळांचा मिलीबग आत्ताच सापडतो. रिकाम्या झालेल्या कुंड्या घासून, एक भाग ब्लीच आणि नऊ भाग पाणी यात अर्धा तास बुडवून, खळखळून धुवून दोन दिवस कडक उन्हात पालथ्या ठेवा, मगच त्यात नवीन काही लावा. कात्री आणि ब्लेडला पण तेच, फक्त ब्लीचने लोखंड गंजतं, त्यांना स्पिरिट.